विषय गावभर झाला

या घरात माझं कधी कुणी खरं मानलंय? चौथी शिकलेली बाई, म्हणून सगळे हसतात. माझ्या लेकीला, सायलीला, एमएच्या प्रबंधाला विषयच सापडत नव्हता. खाणंपिणं सुटलं होतं पोरीचं. शेवटी सापडला एकदाचा: पेठांमध्ये मेस चालवणाऱ्या बायका. तर सरांना सांगायच्या आधीच ती इन्स्टाग्रामवर टाकायला निघाली.

मी म्हटलं, "अगं, सुपारी फुटायच्या आधी स्थळ गावभर सांगतात का?"

"आई, तुला नाही कळायचं."

त्यावर आमचे हे सोफ्यावरून म्हणाले, "हॅशटॅगशिवाय कोण बघणार? तुमच्या डिपार्टमेंटचा टाक, सगळ्यांना दिसेल."

दिसलं की! सायली सरांकडे जाईपर्यंत वर्गातल्याच एकीने तोच विषय नोंदवून टाकला होता. पोरगी रडतच घरी आली.

"आता परत कुठून आणू विषय? कुणी सुचवला होता तो हॅशटॅग?"

यांनी पेपर उघडून तोंडासमोर धरला.

लग्न झाल्यापासून उखाण्याशिवाय मी यांचं नाव घेतलं नव्हतं. त्या दिवशी घेतलं, खालच्या वॉचमनलाही ऐकू जाईल असं.

"दत्तात्रय!"