साहेबांचा नकाशा आणि कऱ्हा

नकाशावर आंधळा विश्वास म्हणजे आमचे सर्व्हेचे साहेब. नव्वद सालानंतरची गोष्ट, मी त्यांची जीप चालवायचो.

कऱ्हा नदीची वाट मोजायला आम्ही बारामतीच्या खाली गेलो. साहेबांनी भर वाळूत जीप थांबवायला लावली, बॉनेटवर नकाशा पसरला आणि जवळच मेंढरं चारणाऱ्या एका म्हाताऱ्याला विचारलं, "आबा, कऱ्हा कुठंय?"

"तिच्यातच गाडी लावलीय की तुमी."

"ही? नकाशात चांगली निळी रेघ आहे. इथं थेंब नाही!"

"यील की. राती सासवडच्या डोंगरावर ईज चमकत व्हती. तितला पाऊस हितं जेवणाच्या टायमाला पोचतोय. मी मेंढरं वर काढतोय, तुमी गाडी काढा."

साहेबांनी वरचं कडक ऊन बघितलं आणि हसले. "आबा, नद्यांचा अभ्यास मी केलाय."

आबा मेंढरं घेऊन काठावर गेले. दहा मिनिटांत वळणावरून घरघर आली आणि काटक्या, फेस पुढं ढकलत गढूळ पाणी दिसलं. साहेब माझ्याआधी काठावर! मी कशीबशी जीप वर हाणली, पण बॉनेटवरचा नकाशा घसरून पाण्यात गेला.

"अरे, माझा नकाशा!" साहेब बोंबलले.

आबांनी निवांत तंबाखू मळली. "घाबरू नगा सायेब, त्यो वाट चुकायचा न्हाय. सोनगावला नीरेत जाईल, म्होरं नरसिंगपूरला भीमेत. तुमी वही काढून लिवून घ्या, मोजायला त्यो गेलाय."