अधर लागला असता खोली हलवल्याबाबत

मी, वय ३९ वर्षे, धंदा कमरेचे बंद व पट्टे शिवणे, गल्लीत 'बंदवाली' म्हणून ओळख, राहणार पूर्वी दिरांच्या अंगणात, सध्या लाँड्रीमागच्या पटांगणाच्या कडेला, पोलीस ठाण्यात स्वतः हजर होऊन विचारल्यावरून सांगते की,

सध्याच्या पत्त्यावर मी व माझ्या सासूबाई राहतो. माझे पती कौलं बसवायचं काम करत. दोन वर्षांपूर्वी ते छपरावर असताना अधर लागला. सगळ्याचं वजन गेलं, तसा त्यांचा कमरेचा बंद तुटला आणि ते वर गेले. सापडले नाहीत. तो बंद मी शिवलेला नव्हता.

ज्या खोलीबद्दल मोठ्या दिरांनी तक्रार दिली आहे ती फळ्यांची व पत्र्याची असून चार दगडांवर बोल्टांनी बसवलेली होती. ती पतीने व मी मिळून बांधली. जागा दिरांची आहे, हे मला मान्य आहे. त्यांना तिथे दुकानाचा माल ठेवायचा होता, म्हणून खोली रिकामी कर असा तगादा लावला होता. मी म्हटलं, "भावजी, जागा तुमची, पण खोली आमची आहे." त्यावर ते शेजाऱ्यांच्या देखत म्हणाले, "तुझी आहे ना? मग उचल आणि घेऊन जा." सगळे हसले. मी आत जाऊन बोल्टांना तेल दिलं.

त्यानंतर मी पटांगणाच्या कडेची पडीक जागा रीतसर भाड्याने घेतली, तिथे दगड बसवले आणि अधराची वाट पाहत राहिले.

मंगळवारी दुपारी बादलीतलं पाणी मधोमध फुगून वर आलं. अधर लागण्याआधी असं होतं. लोकांनी दारं लावून घेतली. मी बोल्ट काढले. सासूबाई खोलीत होत्या. मुलगा गेल्यापासून त्या रोज दुपारी दिरांच्या घरातून तिथे येऊन बसत. मी म्हटलं, "आई, बाहेर या, मी खोली नेतेय." त्यांनी कॉटचा पट्टा स्वतःच्या कमरेला आवळला आणि म्हणाल्या, "ने की. माझी काही अडचण नाही." त्यांना पळवून नेल्याचा आरोप खोटा आहे.

अधर लागताच खोली दगडांवरून वीतभर सुटली. गल्लीत अशा वेळी धरायला भिंतींना लोखंडी कड्या आहेत. मी स्वतःचा बंद कडीला अडकवून दोराने खोली ओढायची, मग पुढच्या कडीला जायचं, असं करत गेले. वजन गेलं तरी जड वस्तू हलायला आढेवेढे घेते आणि एकदा हलली की थांबत नाही. वळणावर दूधवाल्याच्या दुकानाची पाटी मोडली. ती मी करून देणार आहे. तिथेच वारा लागून खोली वर जायला लागली. दोर हातातून सरकला, तळहात सोलले. सासूबाई खिडकीतून म्हणाल्या, "सोडू नकोस." मी सोडला नाही.

दूधवाला दार उघडून बाहेर आला आणि कडीत पाय अडकवून त्याने दोर धरला. "तुमचे दीर माझ्यावर डाफरतील," तो म्हणाला. मी म्हटलं, "डाफरू देत. ओढा."

नव्या दगडांवर आणून पहिला बोल्ट बसवला, तोच अधर सुटला. खोली धाडकन खाली बसली. एक काच फुटली. सासूबाईंना इजा नाही.

थोड्या वेळाने दीर आले. त्यांनी खोलीभोवती एक चक्कर मारली, फळीवरून हात फिरवला. मग दारात उभे राहून म्हणाले, "आई, चल घरी." सासूबाई म्हणाल्या, "आत्ता माझं वजन फार आहे. पुढच्या अधराला ये, मग बघू."

पुढचा अधर लागल्यावर खोली परत नेशील का, असं साहेबांनी विचारलं. नेणार नाही. समज दिली तरी नेणार नाही. हेही लिहून घ्यावं असं मीच सांगितलं.

हवालदारांनी सगळं मोठ्याने वाचलं, मी शेवटपर्यंत ऐकलं. मी बोलले तेच लिहिलं आहे व ते खरं आहे. मला सही करता येते. हातांना पट्ट्या असल्यामुळे अंगठा दिला आहे.