दहापासून मोजलेलं घर

खिडक्यांच्या दुकानात रांगेत सहा माणसं होती आणि त्यात एक बाई चौथी. तिच्यापुढे घर बांधणारा एक भाऊ, त्याची बहीण आणि बहिणीचा उंच नवरा.

“दादा, नव्या घराच्या एकाही चौकटीत खिडकी बसत नाही?”

“टेपचं टोक तुटलंय, म्हणून दहाच्या खुणेपासून मोजलं. ते दहा वजा करायचे राहिले. याच चुकीपायी वीस वर्षं सुतारांना झापतोय मी शहाणा.”

“म्हणजे सगळ्या चौकटी दहा सेंटीमीटर लहान. बाहेरच्या भिंतींच्या फळ्याही ठोकून झाल्या. दार तरी धड आहे ना?”

“दार पक्कं दोनशे.”

“कोणत्या टेपने मोजलंस?”

“...म्हणजे एकशे नव्वद. अहो दुकानदार, तुमचा टेप द्या जरा. जावईबापू, ताठ उभे राहा.”

जावईबापू एकशे ब्याण्णव भरले.