पारिजातकाची लाखोली

नल्लकुंट्याच्या थांब्यावर गोदाकाकू जपमाळ घेऊन बसची वाट पाहत होत्या. शेजारी एक ड्रॉइंगमास्तर आणि त्यांची बायको उभी. सोवळ्याच्या फडक्यात गुंडाळलेलं चित्र तिनं उराशी धरलेलं. काकूंची माळ एका मण्यावरच थांबली.

“अगं, दे इकडे. आबिड्सला नवाबसाहेब चित्राची वाट बघत असतील.”

“पारिजातकाखालचा सडा उचलू नकोस, मला तसाच काढायचाय, असं तुम्हीच म्हणालात ना?”

“हौ, म्हणालो.”

“सहा दिवस फूल उचललं नाही. माझी लाखोली अडली.”

“दुसऱ्या झाडाची वाहायचीस.”

“संकल्प आपल्याच झाडाचा आहे. म्हणून काल तुमच्या चित्रातली मोजली. चारशे बारा भरली. दोन अर्धी होती, ती धरली नाहीत.”

“बरं, मोजलीस. मग?”

“मग देवाला वाहिली.”

“अगं, ती रंगाची फुलं.”

“खऱ्यात आणि यांत फरक दाखव, असं परवा कोण म्हणालं?”

“... बरं, वाहिलीस ना? आता दे.”

“वाहिलं की निर्माल्य झालं. ते नवाबाच्या दिवाणखान्यात कसं लावायचं? नया पुलावरून मुसी नदीत सोडायचं.”

“तेलाचा रंग आहे. बुडायचं नाही.”

“तरंगू दे. निर्माल्य तरंगतंच.”

“महिनाभर खपलो त्यावर. चित्र बरं झालंय का, तेवढं तरी सांग.”

“देवाला वाहिलं ना.”

बस आली. कंडक्टरनं कुठं म्हणून विचारलं.

“दोन द्या,” मास्तर म्हणाले. “नया पूल.”