बिस्किटाची सवय

नको, त्या खुर्चीवर नको, त्यावर कुत्रा चढतो — चढायचं नाही असं तुम्हीच शिकवलंत म्हणे त्याला, पण केस बघा ना गादीवर, ओंजळभर निघतील. इकडे बसा ताई. आणि जरा हळू बोला, हे आत झोपलेत गोळी घेऊन. दिसत नसलं तरी कान भारी तिखट आहेत.

फोन केला कारण मला आता किळस आलीय, सरळ सांगते. उशीला वास, टॉवेलला वास, काल तर दुधाच्या पातेल्यात केस — शी, अख्खं दूध ओतून दिलं. पाणी पितो ते अर्धं फरशीवर, आणि ती लाळ पुसायची कोणी? मी. आणि हे त्याच फरशीवर बसणार, त्याच्या तोंडाला तोंड लावणार, कानात कुजबुजणार. काय एवढं बोलायचं असतं कुत्र्याशी? लग्न झाल्यापासून माझ्याशी बोलले नसतील एवढं.

हा वाट दाखवायला येण्याआधी काय अडलं होतं? माझं कोपर धरून जायचे की ऑफिसात. मीच सोडायची, मीच आणायची. वाटेत सांगत जायची — पायरी आली, खड्डा आहे, तो म्हातारा आज पण भांडतोय — हसायचे हो. आता बरोबर गेले तर मी मागून चालायचं, तोंड बंद ठेवून. "पट्टा चढवलाय, म्हणजे तो कामावर आहे, त्याचं लक्ष जातं, तू बोलू नकोस." असं म्हणाले मला. बायकोला.

आणि एवढं करून काय? परवा पाडलंच ना गटारात? पावाच्या दुकानापाशी कोणी काहीतरी खात होतं, हा गेला सरळ ओढत. गुडघा फुटला, टाके पडले. मी धापा टाकत दवाखान्यात पोचले, तर यांचा पहिला प्रश्न — "त्याला लागलं नाही ना?" मग किळस नाही येणार तर काय होईल? घेऊन जा त्याला. बिघडलाय तो.

खायला? खायला कोण घालणार, कोणी नाही. म्हणजे — बिस्कीट एखादं. मीच. सकाळी, हे बूट घालत असतात तेव्हा. हो, असतो ना पट्टा अंगावर. माहीत आहे मला, तुम्ही पहिल्याच दिवशी बजावलं होतंत, पट्टा असताना तोंडात काही घालायचं नाही, एकदा चटक लागली की रस्ता सोडून खाण्याकडे वळेल — म्हणून तर मी —

तसं नव्हतं म्हणायचं मला. असं बघू नका. पडतील असं थोडंच वाटलं होतं? वाटलं, जरा चुकेल, हे वैतागतील, मग पुन्हा माझं — जाऊ दे. नाही, यांना उठवायचं नाही. कुत्रा राहू दे इथेच, मी पुसेन लाळ, पुसेन मी, पण यांना काही सांगू नका, पाया पडते तुमच्या. निघा तुम्ही. ती बॅग उचला आधी — अगंबाई, हा कसा आला बाहेर? हट्, जा आत, ताईंच्या पायात काय घोटाळतोस —

काय हो? उठलात? कोणी नाही, कोणी आलेलं नाही. शेपटी? हो, आपटतोय खरी. मला बघूनच हलवतोय हो. मलाच बघून.