कस्तुरीचे केस

सांगली स्टँडवर पुस्तक उघडून बसलेल्या यासीनसरांच्या कानांवर मागच्या बाकावरच्या बापलेकीचं बोलणं येत होतं.

“हॉलात चारचौघांसमोर हातानं डोक्याचे केस उपटणार? ही कसली कला गं, कस्तुरी?”

“माझं अंग हीच माझी कला हाय, आप्पा.”

“तुझ्या आत्यानं दीक्षा घेताना उपटले. तो धर्म हुता.”

“तवा तुमी लय रडला हुता.”

“घर सोडून चालली हुती ती.”

“ते अजून माझ्या डोक्यातनं जाईना. नको वाटत असंल तर तुमी येऊ नका.”

“केस कोण झेलणार?”

“कुणी न्हाई. फरशीवर पडतील.”

यासीनसरांनी पान उलटलं नाही.

“तिचे आमी पांढऱ्या कापडात झेलले. एकबी खाली पडू दिला न्हाई.”

“व्हय.”

“कापड धुतलेलं लागतं. किती वाजता येऊ?”