कोटसाहेबांचा मृत्यू, दुरुस्तीसह

(छापखान्याच्या माळ्यावरची प्रकाशकाची खोली. खाली यंत्राची धडधड.)

लेखक : …म्हणून शेवटी मी त्याला मारला, मालक. शेवटच्या पानावर. पाण्याच्या टाकीत पडतो, वरून झाकण बसतं, पुस्तक संपतं.

प्रकाशक : बरं. मग पुढच्या महिन्यात कोटसाहेबांना कुठे पाठवायचं? बंदरावर की सर्कशीत?

लेखक : मालक, कोटसाहेब मेले.

प्रकाशक : सर्कसच बरी. बंदर मागे होऊन गेलंय.

लेखक : ऐकू येतंय का तुम्हाला?

प्रकाशक : खाली यंत्र चालू असलं की मला नको ते ऐकू येत नाही. हे बघा, सर्कशीचं मुखपृष्ठ छापूनसुद्धा आलं. कोटसाहेब सिंहाच्या पिंजऱ्यात, हातात पिस्तूल, खांद्यावर पोपट.

लेखक : पोपट कशाला?

प्रकाशक : चित्रकाराला विचारलं मी. म्हणाला, खांदा रिकामा दिसत होता. आता पोपट का आहे ते तुम्ही आत लिहायचं. आपल्याकडे आधी मुखपृष्ठ, मग पुस्तक. तुमचा जन्मच त्यातून झालाय.

लेखक : माझा नाही, त्याचा! मी त्याच्या आधीचा आहे. मी एक गंभीर कादंबरी लिहिली होती.

प्रकाशक : आठवते ना. तिचे गठ्ठे त्या दाराला लावलेत. वाऱ्याने दार आपटत नाही, ते तिच्यामुळेच.

लेखक : तेव्हा तुम्हीच म्हणालात, एक लेखक ऐनवेळी पळालाय, मुखपृष्ठं पडून आहेत, आत काहीतरी भरून द्या. त्यावर करड्या कोटातला पाठमोरा गुप्तहेर. मी तर त्याचं तोंडही पाहिलं नव्हतं. तेव्हापासून भर उन्हाळ्यात कोट, झोपताना कोट, पोहताना कोट.

प्रकाशक : पोहताना कोट काढला नाही म्हणून तर लोकांनी डोक्यावर घेतलं.

लेखक : त्याला घेतलं. मला कोण विचारतं? वाचनालयाच्या उद्घाटनाला मला बोलावलं. अध्यक्षांनी माझ्याशी हात मिळवला आणि माझ्या मागे बघत राहिले. म्हणाले, ‘साहेब गाडी लावतायत का?’

प्रकाशक : नवीन असतील बिचारे.

लेखक : मी म्हटलं, साहेब नाहीत, मी आहे. तर चेहरा पाडून म्हणाले, ‘हरकत नाही.’ माझ्या शेजारी एक खुर्ची रिकामी ठेवली आणि दुसऱ्या दिवशी पेपरात त्या खुर्चीचा फोटो आला!

प्रकाशक : पाहिला मी. तुमचं कोपर छान आलंय.

लेखक : तेही गिळलं मी. पण घरात, मालक? घरात? प्रुफं बायको वाचते. संध्याकाळी मी आत शिरतो, तर ही मान वर करत नाही. हात वर करून म्हणते, ‘थांबा, कोटसाहेब जिन्यावर आहेत.’ अहो, मीही जिनाच चढून आलेलो असतो!

प्रकाशक : म्हणजे तुम्ही स्वतःच्याच माणसावर जळता?

लेखक : जळत होतो. आता राख उरलीय. गेल्या महिन्याच्या पुस्तकात तो एका विधवा टायपिस्टला म्हणतो, ‘तुमचे डोळे थकलेत. तुम्ही पडा, दिवा मी मालवतो.’ हे वाचून बायको रडली. मी म्हटलं, अगं, हे मी लिहिलंय. तर म्हणाली, ‘लिहिलंय तुम्ही. म्हटलंय त्यांनी.’ त्याच रात्री टाकीचं झाकण उघडलं मी.

प्रकाशक : जिन्यावर पावलं वाजतायत. या, या वहिनी! तुमचंच चाललं होतं.

बायको : ह्यांचा चष्मा द्यायला आले. चष्म्याशिवाय निघालेत तणतणत. समोर बसलेत ते मालकच आहेत, हे कशावरून ओळखलंत हो?

लेखक : तू मधे पडू नकोस. इथे एका माणसाच्या मरणाचं चाललंय.

प्रकाशक : कोणी मेलेलं नाही. टाकीचं पुस्तक आज सकाळी बांधून झालं. ही प्रत घ्या, जपून धरा, बांधणीची खळ अजून ओली आहे. शेवटचं पान काढा.

लेखक : मला माहीत आहे शेवटचं पान. झाकण बसतं आणि… हे काय? ‘झाकण आतून ढकललं गेलं. कोटसाहेब बाहेर आले. त्यांनी कोट पिळला.’ हे मी लिहिलेलं नाही!

प्रकाशक : प्रुफं तुमच्याच घरून आली.

बायको : मी दुरुस्ती केली.

लेखक : दुरुस्ती? काना-मात्रेची करतात दुरुस्ती! जिवंत माणूस घालतात का त्यात?

बायको : जागा होती पानावर. पुढे वाचा.

लेखक : ‘टाकीमागे एक माणूस दडला होता. त्याच्या बोटांना शाई होती. तो म्हणाला, मीच ढकललं तुम्हाला. कोटसाहेब म्हणाले, ठाऊक आहे. घरी जा. तुमची बायको दाराबाहेर उभी असते.’ …तू मला खुनी केलंस?

बायको : खुनी कुठे? तुम्हाला जमला नाही, असंच दाखवलंय.

प्रकाशक : शाईचा पुरावा फार आवडला मला. समोरच्या प्रकाशकाच्या गुप्तहेराला कुत्रा आहे, पण अशी शाई नाही. मेला नुसता कुत्र्यावर खपतो!

लेखक : एवढा जीव आहे तुझा त्याच्यावर?

बायको : माझा? मला तो डोळ्यांसमोर नको असतो! दिवसभर तुम्ही त्याच्याशी बोलणार. काय काय सुचतं त्याच्यासाठी! आणि माझ्या वाट्याला? ‘भाजीत मीठ कमी आहे’ आणि ‘माझा चष्मा कुठाय’. म्हणे दिवा मी मालवतो. आपल्या घरात दिवा कोण मालवतं?

लेखक : …तू.

बायको : तुम्ही घोरत असता तेव्हा. मग रडू नको तर काय करू? ती टायपिस्ट कोण कुठली, तिचे डोळे थकलेले तुम्हाला दिसतात.

लेखक : ती नाहीच आहे, अगं. मी मनाने…

बायको : तेच म्हणतेय. मनाने तिथे.

प्रकाशक : मी खाली यंत्र बघून येऊ का?

बायको : बसा तुम्ही. तुमच्याच मुखपृष्ठाने हा घरात शिरला.

लेखक : मग मरू द्यायचा होतास. आयता बुडत होता.

बायको : त्याचं बोलणं तुम्ही आधी मोठ्याने म्हणून बघता. स्वतःशीच हसता. मी बाहेर उभी राहून ऐकते. आमटी करपते कधीकधी, ती त्यामुळे. बाहेर आलात की तोंडाला कुलूप. तो मेला असता, तर त्या खोलीतूनही आवाज आला नसता. मला दाराआडून जेवढं मिळतं, तेवढंही कशाला सोडू?

लेखक : मला वाटलं, करपते ती तू त्याचं वाचत असतेस म्हणून.

बायको : तुम्हाला वाटतं. विचारलंत कधी?

प्रकाशक : …खळ सुकली बघा. लेखकराव, मग सर्कस? पोपट?

लेखक : लिहितो. पण त्याआधी माझा एक अर्ज घ्या. कागद नको, तोंडी ऐका. माननीय मालक यांस. विषय : बदलीबाबत. महोदय, सदर गुप्तहेर बऱ्याच वर्षांपासून अर्जदाराच्या घरी मुक्कामास असून, अर्जदाराचे सर्व चांगले बोलणे त्यांच्याच तोंडी खर्च होत आहे. तरी त्यांची एखाद्या अविवाहित लेखकाकडे तातडीने बदली करण्यात यावी. ते शक्य नसल्यास, अर्जदार संध्याकाळी घरी पोहोचेल त्या वेळी, पत्नीशी बोलण्यासाठी, सदर गुप्तहेरांनी त्यास रोज किमान एक वाक्य परत करावे, ही नम्र विनंती.